प्रा. देवधर : वय आणि कर्तृत्व

दीर्घायुष्य हे वरदान खरे. पण कीर्तीच्या बाबतीत ते कधी कधी वैरीही ठरते. माणूस शंभरी गाठतो, त्याचे सत्कार होतात, छायाचित्रे झळकतात, आणि या साऱ्या समारंभात त्याने ऐन उमेदीत केले काय, हा प्रश्न कोणी विचारीनासे होते. प्रा. दिनकर बळवंत देवधर यांच्या बाबतीत नेमके हेच घडले आहे, अशी माझी तक्रार आहे. 14 जानेवारी 1892 रोजी जन्मलेला हा पुरुष 24 ऑगस्ट 1993 रोजी, वयाच्या एकशेदुसऱ्या वर्षी गेला. त्यांच्याविषयी मराठीत जे जे लिहिले गेले त्यातले बहुतेक लेखन त्यांच्या वयाभोवतीच प्रदक्षिणा घालते. ‘भारतीय क्रिकेटचे पितामह’ ही पदवी त्यांना दिली, की लेखकाला आपले काम संपल्यासारखे वाटते. पितामहांना कोणी धावा विचारीत नाही!

वाचकहो, मी क्रिकेटचा पंडित नव्हे. बार्शीहून सोलापूरकडे जाणाऱ्या रस्त्यावरचे वैराग हे माझे गाव. ज्वारीच्या रानांनी वेढलेल्या या मुलखात क्रिकेट आले ते आधी वर्तमानपत्रांतून, मग रेडिओवरून आणि सर्वांत शेवटी मैदानावर. पण ज्याला गाणे येत नाही त्यालाही मैफलीबद्दल मत असू शकते, तसे माझे या खेळाबद्दल आहे. शिवाय देवधरांवर आम्हा जिल्हावासीयांचा एक हक्क पोचतो. तो कसा, ते पुढे सांगेनच. या लेखात मला त्यांच्या कारकिर्दीचा हिशेब मांडायचा आहे. गौरव करण्यासाठी नव्हे, मूल्यमापन करण्यासाठी. जमेच्या बाजूबरोबर खर्चाची बाजूही मांडावी लागेल.

प्रथम साधे आकडे घेऊ. देवधरांनी प्रथम दर्जाचे 81 सामने खेळून 4522 धावा केल्या, सरासरी 39.32, शतके 9, सर्वोच्च धावसंख्या 246. आजच्या वाचकाला हे आकडे किरकोळ वाटतील. हल्लीचा एखादा तरुण चार-पाच हंगामांत एवढ्या धावा जमवतो. पण आकडा एकटा कधी खरे बोलत नाही. त्याला त्याच्या काळासह साक्षीला बोलवावे लागते. देवधर पहिल्या महायुद्धापूर्वी, 1911 च्या सुमारास मोठ्या सामन्यांत उतरले आणि दुसरे महायुद्ध संपले तेव्हाही खेळत होते. म्हणजे पस्तीस वर्षांत 81 सामने. वर्षाला जेमतेम दोन-सव्वादोन! फलंदाजाचा हात सरावाने साफ राहतो. येथे तर दोन डावांमध्ये महिनेच्या महिने जात, आणि मधल्या काळात हे गृहस्थ पुण्याच्या सर परशुरामभाऊ महाविद्यालयात संस्कृत शिकवीत. त्यांचे समकालीन कर्नल सी. के. नायडू यांना 207 सामने मिळाले आणि त्यांची सरासरी 35.94 राहिली. नायडूंना कमी लेखण्यासाठी मी ही तुलना करीत नाही. नायडूंची बॅट म्हणजे भर दुपारी कडाडणारी वीज होती. तिची सरासरी काढणेच मुळात अरसिकपणाचे. परंतु नायडूंशेजारी बसण्याचा अधिकार देवधरांना आहे, एवढे या आकड्यांवरून सिद्ध होते.

दोन महायुद्धांमधल्या या वीस वर्षांत जगभर खेळाचे रूप पालटत होते. त्याच काळातला एक फ्रेंच फुटबॉलपटू घ्या. लूसियाँ लोराँ हा सोशो येथे प्यूजो मोटारींच्या कारखान्यात काम करणारा तरुण. 13 जुलै 1930 रोजी माँटेव्हिडिओ येथे मेक्सिकोविरुद्ध त्याने गोल केला, आणि तो जागतिक फुटबॉल स्पर्धेच्या इतिहासातला पहिला गोल ठरला. फ्रान्सकडून तो अवघे दहा सामने खेळला, गोल केले दोन. फ्रान्समध्ये फुटबॉलपटूला उघडपणे पगार घेण्याची मुभा मिळाली ती 1932 साली. तोपर्यंत तोही आपल्या देवधरांसारखाच पोटाचा उद्योग सांभाळून खेळणारा. पण त्या एका गोलाने त्याचे नाव कायमचे कोरले गेले. 2005 साली तो वारला तेव्हा जगभरच्या वर्तमानपत्रांनी त्याची आठवण काढली. नियतीने त्याला योग्य दिवशी योग्य जागी उभे केले होते. देवधरांना मात्र नियतीने जन्मभर योग्य जागी अयोग्य दिवशी उभे केले.

ते कसे, ते पाहा. 1926 च्या हिवाळ्यात आर्थर गिलिगन याच्या नेतृत्वाखाली एम.सी.सी.चा संघ भारतात आला. मुंबईच्या जिमखाना मैदानावर 1 डिसेंबरला नायडूंनी हिंदू संघातर्फे 153 धावा झोडपल्या, त्यात अकरा षटकार होते. ही खेळी मराठी घरांत अजूनही पुराणकथेसारखी सांगितली जाते. पण त्याच महिन्यात, त्याच मैदानावर, त्याच गोलंदाजांविरुद्ध देवधरांनी अखिल भारतीय संघातर्फे 148 धावा केल्या आणि पाहुण्यांच्या 362 धावांना 437 धावांचे उत्तर मिळाले, हे किती जणांना आठवते? नायडूंच्या खेळीने प्रेक्षकांची मने जिंकली. देवधरांच्या खेळीने एक मुद्दा सिद्ध केला. एखाद्या दिवशी एखाद्या वीराने चमत्कार करणे वेगळे आणि साऱ्या संघाने इंग्रजांना पहिल्या डावात मागे टाकणे वेगळे. चमत्काराला लोक टाळ्या देतात, पण बरोबरीचा मान देतात तो सातत्याला. हिंदुस्थानने स्वतःचे नियामक मंडळ स्थापावे असा आग्रह गिलिगनने धरला, 1928 साली ते मंडळ स्थापन झाले, आणि जून 1932 मध्ये लॉर्ड्सवर भारत आपला पहिला कसोटी सामना खेळला. दार ठोठावणाऱ्यांत देवधर पुढे होते. दार उघडले तेव्हा आत बोलावलेल्यांच्या यादीत त्यांचे नाव नव्हते.

कारण सांगितले गेले वयाचे. देवधर चाळीस वर्षांचे झाले होते. हे कारण वरवर सयुक्तिक वाटते, म्हणून आजवर कोणी ते फारसे तपासले नाही. ते तपासू या. 1930 च्या एप्रिलमध्ये इंग्लंडने विल्फ्रेड ऱ्होड्सला वेस्ट इंडिजमध्ये कसोटी खेळवली, तेव्हा तो 52 वर्षांचा होता. त्याच वर्षी जॅक हॉब्ज आपली शेवटची कसोटी खेळला. त्याचे वय 47. ज्यांच्याकडून आपण हा खेळ शिकलो, त्यांना चाळिशी ही म्हातारपणाची पायरी वाटत नव्हती. कोणी म्हणेल, ती इंग्लंडची हवा, तिकडची माणसे निराळी. बरे, आपल्याच घरातले उदाहरण घेऊ. 15 डिसेंबर 1933 रोजी मुंबईत, भारतभूमीवरच्या पहिल्याच कसोटीत, रुस्तमजी जमशेदजी हे फिरकी गोलंदाज प्रथम भारतातर्फे उतरले. त्यांचा जन्म 18 नोव्हेंबर 1892 चा! म्हणजे देवधरांहून अवघ्या दहा महिन्यांनी लहान. एकेचाळीस वर्षे उलटलेल्या जमशेदजींना कसोटीची टोपी मिळते, तीन बळीही मिळतात, आणि देवधर मात्र म्हातारे! गोलंदाजापेक्षा फलंदाजाचे शरीर लवकर थकते, असे तर कोणताही जाणकार म्हणणार नाही.

मग खरे कारण काय? कोणा एकाच्या मनातले कपट शोधण्यात मला रस नाही. मला दिसते ती त्या काळच्या व्यवस्थेची चाल. 1932 च्या दौऱ्याचे कर्णधारपद पोरबंदरच्या महाराजांकडे होते. आपल्या खेळाची मर्यादा ओळखून त्यांनी कसोटीत ते नायडूंकडे सोपवले, हा त्यांचा मोठेपणा. 1936 च्या दौऱ्यावर विजयानगरमचे महाराजकुमार कर्णधार होते. त्यांना तो मोठेपणा साधला नाही. राजेरजवाड्यांच्या पैशांवर आणि मर्जीवर चालणाऱ्या या खेळात पुण्याच्या पेठेतला एक संस्कृतचा प्राध्यापक कोणाचा आश्रित नव्हता. जो कोणाचा नसतो, त्याचे वय सर्वांना आधी दिसते.

येथवर वाचून वाटेल की देवधर हे केवळ अन्यायाचे धनी. पण मी आरंभीच म्हटले, दोन्ही बाजू मांडायच्या. ज्या व्यवस्थेने देवधरांना कसोटीच्या उंबरठ्यावर थांबवले, तिनेच आधी एका उंबरठ्यावर त्यांना वाट करून दिली होती. ही कथा मुंबईच्या चौरंगी सामन्यांची. युरोपियन, पारशी, हिंदू आणि मुसलमान असे धर्मवार संघ तेथे खेळत. हिंदू संघात त्या वेळी पळवणकर बंधू होते. थोरले बाळू हे 1911 च्या इंग्लंड दौऱ्यात शंभरावर बळी घेणारे थोर डावखुरे गोलंदाज, आणि धाकटे विठ्ठल हे त्या काळच्या उत्तम हिंदू फलंदाजांपैकी एक. पण ही भावंडे चांभार समाजातली. संघासाठी खेळायला ती चालत; संघाचे नेतृत्व करायला चालत नसत. 1920 साली कर्णधार पै आजारी पडले तेव्हा विठ्ठल आणि शिवराम या अनुभवी भावांना डावलून ती जबाबदारी देवधरांकडे दिली गेली. दोघे भाऊ संघातून बाहेर पडले आणि आपली बाजू त्यांनी जाहीरपणे मांडली. लोकमत असे खवळले, की पुढच्या सामन्यात बाळूंना उपकर्णधार करणे भाग पडले. अखेर 1923 साली विठ्ठल कर्णधार झाले, हिंदूंनी युरोपियनांना हरवून अजिंक्यपद मिळवले आणि लोकांनी विठ्ठलांना खांद्यावर घेतले. विठ्ठलांनी पुढे ‘माझे क्रीडा-जीवन’ हे आत्मचरित्र मराठीत लिहिले. देवधरांचे चरित्र वाचणाऱ्या प्रत्येकाने तेही शेजारी ठेवावे, असे मला वाटते.

1920 चा हा प्रसंग देवधरांच्या गौरवलेखांत सहसा आढळत नाही. दिवाळीच्या फराळात कडू कारीट असू नये, असा कदाचित लेखकांचा समज असावा. पण आपल्याकडे नरकचतुर्दशीला अभ्यंगानंतर कारीट फोडून जिभेला लावण्याची चाल आहेच! गोडाआधी ती कडू चव घ्यावी लागते. देवधरांनी ते पद मागितले होते असे मी म्हणत नाही. माझे म्हणणे एवढेच, की गुणाहून निराळे माप लावले की कोणावर तरी अन्याय होतो. 1920 साली ते माप जातीचे होते आणि 1932 साली वयाचे. पहिल्या वेळी देवधर मापात बसले, दुसऱ्या वेळी बसले नाहीत. दोन्ही घटना एकत्र वाचल्या म्हणजे दोन्हींचा अर्थ लागतो. एकीचीच हळहळ करणारा टीकाकार अर्धाच प्रामाणिक म्हणावा लागेल.

आता मी त्यांच्या कारकिर्दीच्या उत्तरार्धाकडे वळतो. माझ्या मते त्यांचे खरे मोठेपण येथे आहे. 1934-35 साली रणजी करंडकाची स्पर्धा सुरू झाली. धर्माऐवजी प्रांताच्या नावाने संघ उभे राहिले. मुंबईचा संघ वेगळा आणि महाराष्ट्राचा वेगळा. मुंबईकडे मैदाने, जिमखाने, पेढ्यांचे पैसे आणि घडलेले खेळाडू. महाराष्ट्राच्या वाट्याला काय? पुणे आणि बाकी सारे जिल्हे! आमचा सोलापूर जिल्हा याच संघाच्या पदराखाली येतो; मी मघाशी ज्या हक्काविषयी बोललो तो हाच. पहिली दोन वर्षे करंडक मुंबईने नेला, मग नवानगर, हैदराबाद आणि बंगाल यांनी. 1939-40 साली देवधरांच्या नेतृत्वाखाली महाराष्ट्राने संयुक्त प्रांताला पुण्यात हरवून तो जिंकला, आणि पुढच्याच वर्षी मद्रासला त्यांच्याच घरी जाऊन हरवून पुन्हा जिंकला.

या दुसऱ्या विजयाच्या वाटेवर पुण्याला मुंबईशी गाठ पडली. तो सामना मराठी माणसाने एकदा तरी नीट समजून घ्यावा. महाराष्ट्राने 675 धावा केल्या. मुंबईने न डगमगता 650 केल्या. सामना अनिर्णित राहिला तर पहिल्या डावाच्या आघाडीवर निकाल, असा नियम. तेव्हा अवघ्या 25 धावांनी मुंबई बाहेर गेली. महाराष्ट्राच्या 675 मध्ये देवधरांच्या 246 होत्या, आणि त्या वेळी ते पन्नाशीच्या उंबरठ्यावर होते. पाहा, येथे मीही वयाचा उल्लेख केलाच. पण मला तो कौतुकासाठी नको आहे. त्या खेळीचे महत्त्व तिच्या उपयुक्ततेत आहे. पन्नाशीतल्या माणसाने 246 केल्या हे आश्चर्य. पण संघाला 25 धावांनी जिंकता आले हे कर्तृत्व. यातल्या दुसऱ्या अर्धाकडे आपण पाठ फिरवतो. 1944 साली, बावन्नाव्या वर्षी, त्यांनी नवानगरविरुद्ध एकाच सामन्याच्या दोन्ही डावांत शतके केली, 105 आणि 141. तेथेही मला प्रश्न पडतो तो असा : त्या डावांपलीकडच्या टोकाला उभे राहून एखादा विशीतला पोरगा काय काय शिकला असेल?

कारण शिकलेले पोरगे आपल्याला ठाऊक आहेत. सांगलीचे विजय हजारे देवधरांच्या महाराष्ट्र संघातूनच पुढे आले. 1939-40 मध्ये बडोद्याविरुद्ध त्यांनी नाबाद 316 धावा केल्या. रणजी स्पर्धेतले ते पहिले त्रिशतक. पुढे ते बडोद्याकडे गेले, भारताचे कर्णधार झाले, आणि 1952 साली मद्रासला भारताने आपला पहिला कसोटी विजय मिळवला तो त्यांच्याच नेतृत्वाखाली. रंगा सोहोनी याच संघातून कसोटीपर्यंत पोचले. ज्या दारातून स्वतःला आत जाता आले नाही, त्या दारापर्यंत दुसऱ्यांना पोचवून येणे, हे शिक्षकाचे काम. देवधर पेशाने शिक्षक होतेच. मैदानावरही ते शिक्षकच राहिले. आणि घरातही काही वेगळे नव्हते. तारा, सुंदर आणि सुमन या त्यांच्या कन्यांनी 1940 च्या दशकात भारतीय बॅडमिंटन गाजवले. मुलींनी मैदानात उतरणे हाच जेव्हा चर्चेचा विषय होता, त्या काळात एका प्राध्यापकाच्या घरातून तीन विजेत्या निघाव्यात, ही गोष्ट त्यांच्या कोणत्याही शतकापेक्षा मला लहान वाटत नाही.

मग उणे काय राहिले? जे उणे राहिले ते आपले आहे. देवधरांनी एक संघ बांधला, पण त्यामागे आपल्याला व्यवस्था बांधता आली नाही. 1940-41 नंतर महाराष्ट्र 1970-71, 1992-93 आणि 2013-14 साली अंतिम सामन्यापर्यंत गेला. करंडक मात्र हाती लागला नाही. 1948 च्या डिसेंबरात कोल्हापूरच्या भाऊसाहेब निंबाळकरांनी पुण्याला काठेवाडविरुद्ध नाबाद 443 धावा केल्या, ब्रॅडमनच्या 452 ला हात लावण्याइतके ते जवळ गेले, आणि त्यांनाही आयुष्यात एकही कसोटी सामना मिळाला नाही. जिल्ह्यांतून आलेल्या गुणाला दाराशी ताटकळत ठेवण्याची ही रीत देवधरांपाशी सुरू झाली नाही आणि त्यांच्यापाशी संपलीही नाही.

सरकारने देवधरांना 1965 साली पद्मश्री आणि 1991 साली पद्मभूषण दिले. 1973-74 पासून त्यांच्या नावाची स्पर्धा खेळली जाऊ लागली, 1996 साली टपालाचे तिकीट निघाले. हे सारे योग्यच झाले. पण मानसन्मान ही समाजाची परतफेड असते, आणि परतफेड केली की ऋण विसरण्याची मोकळीक मिळते. मला हे ऋण विसरायचे नाही.

माझा निष्कर्ष सांगतो. फलंदाज म्हणून देवधर पहिल्या रांगेतले होते. 148 ची खेळी त्याला पुरेशी साक्ष आहे. चौरंगी सामन्यांच्या काळातले त्यांचे स्थान त्या काळच्या अन्यायापासून अलिप्त नव्हते, हे मान्य केले पाहिजे. आणि संघ बांधणारा म्हणून त्यांच्या तोडीचा माणूस महाराष्ट्राला त्यानंतर मिळालेला नाही. कसोटीच्या यादीत त्यांचे नाव नाही, म्हणून त्यांच्या मोठेपणात काही कमी झाले असे मला वाटत नाही. त्या यादीच्या विश्वासार्हतेत मात्र थोडी कमी झाली.

यंदाच्या दिवाळीत घरातली मुले फटाक्यांतून मोकळी झाली आणि क्रिकेटच्या गप्पा निघाल्या, तर त्यांना शंभर वर्षे जगलेल्या आजोबांची गोष्ट सांगू नका. 675 ला 650 चे उत्तर मिळाले, त्या पुण्यातल्या सामन्याची गोष्ट सांगा. त्या पंचवीस धावांमध्ये आमच्या वैरागसारख्या किती तरी गावांचा वाटा धरलेला आहे.